दुपारी बाराचं रीडिंग

आमच्या कार्यालयाचा सूर्य दिवसातून एकदाच, दुपारी बाराला उगवायचा. बाकीच्या वेळी तो आकाशात असला तरी फॉर्मात नसे. दर महिन्याला दिल्लीला जो तक्ता जायचा, त्यात पॅनेलच्या विजेसाठी एकच रकाना होता आणि त्याच्या माथ्यावर छापलेलं होतं, 'मध्यान्ह, वॅटमध्ये'. सकाळी आठला किती वीज आली, दुपारी तीनला किती, संध्याकाळी बॅटरीत काय उरलं, याला रकाना नव्हता. आणि ज्याला रकाना नाही ते घडत नाही, हे सरकारी नोकरीत माणसाला पहिल्या सहा महिन्यांत कळतं. मला चारच लागले, कारण तो तक्ता भरून खाली दोन परिच्छेदांचा अहवाल लिहिणं हेच माझं काम होतं.

कार्यालय निशातगंजमध्ये, एका हलवायाच्या दुकानावर. खाली दिवसभर भट्टी आणि वर आम्ही सौर ऊर्जेचा प्रचार करणारे. आमची प्रमुख कामगिरी मात्र शहराबाहेर होती. चिनहट ओलांडून फैजाबाद रोडवरून आत सात किलोमीटर गेलं की सराय बिंदा नावाचं गाव लागायचं. तिथे वीज होती, म्हणजे खांब होते. गावाच्या आरोग्य उपकेंद्राच्या छतावर आम्ही सहा पॅनेलं बसवली होती, खालच्या खोलीत बॅटऱ्या ठेवल्या होत्या, आणि त्या बॅटऱ्यांवर एक फ्रिज चालत असे. त्या फ्रिजात अकरा गावांच्या पोरांच्या लसी असत.

त्या लसी सांभाळणाऱ्या कमलाबाई. मूळच्या भंडारा जिल्ह्यातल्या, उपकेंद्रात सिस्टर. त्यांचे यजमान भाऊराव आमच्याकडे तंत्रज्ञ, म्हणजे तीच पॅनेलं त्यांनीच बसवलेली. दोघं अलीगंजला राहत आणि सकाळी एकाच स्कूटरवरून निघत. भाऊराव बोलायला कमी. कमलाबाई दोघांच्या वाटचं बोलत.

लसीचं शास्त्र मला त्यांनीच समजावलं. लस दोन ते आठ अंशांत राहिली पाहिजे. गोवराची तर फारच नाजूक. तापली तर तिचा रंग बदलत नाही, वास येत नाही, ती फाटत नाही. ती नुसती मरते आणि बाटलीत होती तशी बसून राहते. मग ती टोचली की पोर रडतं, आईच्या कार्डावर खूण होते, आणि पोराच्या अंगात काहीच होत नाही.

"दुधासारखी नासली असती तर बरं झालं असतं," कमलाबाई म्हणायच्या. "निदान दिसलं असतं."

आता मधुसूदन साहेब. आमचे प्रकल्प अधिकारी. ते सज्जन गृहस्थ होते. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढे तुम्हाला शंका येईल. चपराशाच्या मुलीच्या लग्नात पंगतीत वाढायला उभे राहणारे, कुणावर आवाज न चढवणारे, दर संक्रांतीला सगळ्या मराठी घरी तिळगूळ पोचवणारे. त्यांना फक्त पुण्याला जायचं होतं. बारा वर्षं लखनौत काढल्यावर ते पुण्याचं नाव असं घेत की ऐकणाऱ्याला वाटावं, तिथे हवा तरी वेगळी असेल किंवा माणसं तरी.

पंचाण्णवच्या नोव्हेंबरात ते दिल्लीच्या एका परिषदेला गेले आणि परत आले ते आरसे घेऊनच. म्हणजे आरशांची कल्पना घेऊन. एका पॅनेलवर एक सूर्य पडतो. बाजूला तिरका आरसा धरला तर त्याच पॅनेलवर दीड सूर्य पडतो. पॅनेल महाग, आरसा स्वस्त. शास्त्र बिनचूक होतं. खरं तर यासाठी चकचकीत ॲल्युमिनियमचे पत्रे घ्यायचे असतात, पण त्यांना निविदा लागते. आरसे 'कार्यालयीन फर्निचर' या सदरात बसले.

भाऊरावांनी पॅनेलांच्या दोन्ही बाजूंना आरसे चढवले. बाराचं रीडिंग एकशे साठ वॅटवरून दोनशे पंधरावर गेलं. मी अहवालात 'उल्लेखनीय वाढ' लिहिलं, आणि ती खरोखरच उल्लेखनीय होती. लखनौचं जानेवारीतलं धुकं ज्यांनी पाहिलंय त्यांना सांगायला नको. सूर्य येतो तो सुट्टीचा अर्ज हातात घेऊनच. त्या थंडीत आरशांनी मिळेल तो उजेड गोळा करून पॅनेलांना दिला, आणि पहिल्यांदाच फ्रिज सगळा हिवाळा न कुरकुरता चालला. कमलाबाईंनी साहेबांना घरी बोलावून पुरणपोळी खायला घातली. साहेबांनी तीन खाल्ल्या आणि म्हणाले, पुण्यात अशी मिळत नाही. त्यांच्या तोंडून पुण्याची एवढी निंदा मी पुन्हा कधी ऐकली नाही.

दिल्लीहून पत्र आलं. प्रयोग यशस्वी दिसतो, दोन उन्हाळे आकडे चढते राहिले तर समिती पाहणीला येईल, आणि मग ही योजना पश्चिम विभागात राबवण्यासाठी अनुभवी अधिकारी पुण्याला लागेल. साहेबांनी ते पत्र टेबलाच्या काचेखाली ठेवलं.

मग एप्रिल आला.

उन्हाळ्यात ऊन जास्त, म्हणजे वीज जास्त, असं कोणीही म्हणेल. आमच्या कार्यालयात सगळे तसंच म्हणत होते. रीडिंग मात्र दर आठवड्याला पाचदहा वॅटनी उतरू लागलं. भाऊरावांनी छतावर जाऊन पॅनेलाच्या काचेला हात लावला आणि खाली आले तेव्हा त्यांच्या तळहाताला फोड होता. ते साहेबांना म्हणाले, पॅनेलला उजेड लागतो साहेब, ऊब नाही. तापलं की त्यातल्या विजेचा दाब पडतो. आकडा वर दिसतो तोही थोडाच वेळ, पण बॅटरीत शिरण्याइतकी ताकद त्यात राहत नाही. आरसे उन्हाळ्यापुरते काढू.

साहेबांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि विचारलं, बाराचा आकडा कशानं वाढेल?

बाराचा आकडा आरशांनी वाढत होता. म्हणून आणखी दोन आरसे चढले. आकडा वाढला आणि तीन आठवड्यांत पूर्वीपेक्षा खाली आला. मग आणखी दोन. असं करत करत दुसरा उन्हाळा आला तोवर त्या छतावर बारा आरसे झाले होते, आणि गावानं उपकेंद्राचं नाव शीशमहल ठेवलं होतं.

मी महिन्यातून एकदा तक्ता आणायला जायचो. प्रत्येक खेपेला काहीतरी कमी झालेलं दिसे. आधी छताच्या कठड्यावरचे कावळे गेले. मग गल्लीतून जाणाऱ्या बकऱ्यांनी वाट बदलली. त्या शेताच्या बांधावरून लांबून जाऊ लागल्या आणि त्यांना कोणी तसं शिकवलं नव्हतं. समोरच्या घराच्या भिंतीवर रोज साडेअकराला उजेडाचा एक तुकडा येऊन बसायचा आणि सव्वा वाजता निघून जायचा. त्या घराच्या म्हाताऱ्यानं ओसरीवरची खाट तिथून उचलली. कडुलिंबाचं एक झाड होतं, त्याची केंद्राकडची बाजू तपकिरी झाली आणि दुसरी हिरवीच राहिली, जणू दोन वेगळ्या ऋतूंतली दोन झाडं कोणी चिकटवावीत. गावकऱ्यांनी तक्रार केली नाही. एकानं मला एवढंच विचारलं, "साहब, ये सूरज को पकड़ के करते क्या हैं?" मी म्हटलं, फ्रिज थंड करतो. तो हसला नाही.

सत्त्याण्णवच्या मार्चमध्ये भाऊरावांनी मला छतावर नेऊन एक पॅनेल दाखवलं. निळ्या चकत्यांच्या मधोमध चहा सांडलेल्या कागदासारखा पिवळट डाग पडला होता. सहापैकी चार पॅनेलांना. काचेखाली जो पारदर्शक थर असतो तो उन्हानं भाजून निघाला होता. तो पुन्हा स्वच्छ होत नाही, भाऊराव म्हणाले. डाग पडला की उजेड आत कमी जातो, आकडा पडतो, आकडा पडला की आपण आरसा लावतो, आरशानं डाग वाढतो.

"मग थांबणार कधी?" मी विचारलं.

"पॅनेल संपलं की," ते म्हणाले आणि शिडी उतरले.

एप्रिलमध्ये त्यांनी कोणाला न विचारता एक गोष्ट केली. आठवडाभर रोज बाराचं रीडिंग घेतलं की ते आरशांवर गोणपाट टाकत. दुसऱ्या आठवड्यात टाकलं नाही. गोणपाटाच्या आठवड्यात संध्याकाळी बॅटऱ्या भरलेल्या असत आणि उघड्या आरशांच्या आठवड्यात जेमतेम अर्ध्या. हे सगळं त्यांनी वहीच्या दोन पानांवर सुवाच्य अक्षरात मांडून साहेबांपुढे ठेवलं. साहेबांनी वही दोनदा वाचली. ते मूर्ख नव्हते. त्यांना पहिल्याच वाचनात समजलं असणार.

"भाऊराव, हे फार चांगलं काम आहे," ते म्हणाले. "पण याला रकाना कुठाय?"

समिती जूनच्या दुसऱ्या बुधवारी येणार होती.

मे महिन्यात कमलाबाई भाचीच्या लग्नासाठी तीन आठवडे भंडाऱ्याला गेल्या. त्यांच्या जागी एक बदली सिस्टर आली. फ्रिजाच्या तापमानाची एक वही असते, सकाळ-संध्याकाळ भरायची. कमलाबाई त्यात खरा आकडा लिहीत. साडेपाच, सात, एकदा नऊ. नऊ लिहिलं तेव्हा वरून त्यांच्याकडून तीन प्रतींत खुलासा मागवला गेला होता. बदली सिस्टरला हा इतिहास कोणीतरी सांगितला असावा. तिनं एकवीस दिवस, दोन्ही वेळा, चार लिहिलं. एका दिवशी पेन बदललं होतं, आकडा नाही.

कमलाबाई मंगळवारी परत आल्या. बुधवार हा लसीचा वार. त्या दिवशी रांग मोठी होती, कारण नाल्यापलीकडच्या पुरव्यात, म्हणजे वाडीत, गोवर आल्याची कुजबुज होती. दोनतीन दारांवर कडुलिंबाचे डहाळे लागले होते, आणि त्या भागात दारावर डहाळा म्हणजे घरात माता आलेली आहे. म्हणून आया धास्तावून पोरं घेऊन आल्या. कमलाबाईंनी वही पाहिली. सगळे चार. थर्मामीटर पाहिला, सकाळच्या गारव्यानंतर तोही आठ दाखवत होता. त्यांनी एकतीस पोरांना गोवराची लस टोचली, एकतीस कार्डांवर खूण केली आणि प्रत्येक आईला सांगितलं, आता काळजी करू नका.

गुरुवारी त्यांनी फ्रिज पुसायला काढला. तळाशी पुठ्ठ्याचे डबे भिजून वाळलेले होते. बाटल्या हातात घेतल्या तर लेबलं खडबडीत लागली. बर्फ वितळून पाणी साठलं होतं, त्यात बाटल्या बुडाल्या होत्या, लेबलं सुटून तरंगली होती, आणि बदली सिस्टरनं सगळं नीट कोरडं करून लेबलं डिंकानं परत लावली होती. अंदाजानं. एक उलटं होतं.

भाऊरावांनी त्या रात्रीचं मला पुढे सांगितलं. घरी आल्यावर त्या जेवल्या नाहीत. एवढंच विचारत होत्या, बर्फ वितळायला किती दिवस फ्रिज बंद पडलेला असेल? भाऊरावांनी बॅटऱ्यांचा हिशेब करून सांगितलं, एक दिवस नाही, बरेच दिवस, रोज दुपारनंतर.

"म्हणजे मी पोरांना पाणी टोचलं."

"तुला काय माहीत होतं?"

"त्यांच्या आयांनाही माहीत नाही न," त्या म्हणाल्या. "तेच तर."

कारण लस न मिळालेल्या पोराची आई त्याला जपते. डहाळा दिसला की दुसऱ्या गल्लीनं जाते. लस मिळालेल्या पोराची आई जपत नाही. ती एकतीस पोरं आता गावात सर्वांत उघडी होती, आणि ती उघडी केली होती कमलाबाईंच्या अक्षरानं. त्यांना एकच करायचं होतं: नव्या लसी आणून, दारोदार जाऊन, ती एकतीस पोरं पुन्हा टोचायची.

शुक्रवारी त्या शहरातल्या लसभांडारात गेल्या. तिथल्या बाबूनं ऐकून घेतलं आणि म्हणाला, तीस-पस्तीस डोस गेले कुठे, असं मला विचारतील तेव्हा काय सांगू? फ्रिज आमचा नाही, सौरवाल्यांचा. फ्रिज बिघडला असं सौरवाल्यांनी लिहून द्यावं, सही-शिक्क्यानिशी. त्याच हातानं नव्या बाटल्या देतो.

सौरवाले म्हणजे मधुसूदन साहेब.

साहेब शनिवारी संध्याकाळी स्वतः अलीगंजला भाऊरावांच्या घरी गेले. जाताना मलाही बरोबर घेतलं, मजकूर लिहायचा झालाच तर म्हणून. खालच्या हलवायाकडून अर्धा किलो कलाकंद घेतला. गेल्यावर आधी लग्नाची चौकशी केली, मग उन्हाळ्याची. मग म्हणाले, ताई, मी कुठे नाही म्हणतोय? बुधवारी समिती येते, जाते. गुरुवारी सकाळी दहाला तुमच्या हातात कागद.

"पाच दिवस आहेत साहेब मधी," कमलाबाई म्हणाल्या.

"पाचच."

"गोवर पाच दिवस थांबतो का?"

साहेबांनी कलाकंदाचा डबा थोडा पुढे सरकवला. त्यांचा चेहरा खरोखर दुःखी होता. "ताई, आपण मराठी माणसं इतक्या लांब येऊन काहीतरी उभं केलंय. समितीच्या तोंडावर 'फ्रिज बंद पडला' असं मीच लिहून दिलं, तर चाळीस केंद्रांना जी योजना मिळायचीय ती बुडेल. चाळीस केंद्रं. तिथली किती मुलं, तुम्हीच हिशेब करा."

साहेब 'आपण मराठी माणसं' फार क्वचित म्हणत. म्हणाले की समजावं, काहीतरी मागायला आलेत.

कमलाबाईंनी भाऊरावांकडे पाहिलं. भाऊरावांनी जमिनीकडे पाहिलं. मी कलाकंदाकडे पाहिलं. मजकूर लिहायची वेळ आली नाही. आम्ही निघालो तेव्हा आतून कमलाबाईंचा आवाज आला, फार मोठा नव्हता: "तुम्ही काहून गप्प बसले?"

रविवारी आणि सोमवारी त्या पायी घरोघर गेल्या. आयांना सांगायला की पोरांना जपा, सुई पुन्हा द्यावी लागेल. बायकांनी हसून कार्ड दाखवलं. दीदी, तुम्हीच तर लिहिलंय. एक जण म्हणाली, दोनदा टोचतात ते पोरं होऊ नयेत म्हणून, आमच्या मालकांनी सांगितलंय. दुसरीनं दारच लावून घेतलं. रित्या हातानं जाऊन सांगितलेल्या गोष्टीवर कोण विश्वास ठेवणार? मंगळवारी सराय बिंदाच्याच एका दारावर डहाळा दिसला.

बुधवारी सकाळी सात वाजता साहेब उपकेंद्रावर हजर होते. त्यांनी केंद्रातल्या खाटांवरच्या सगळ्या चादरी ओल्या करून पॅनेलांवर आणि आरशांवर पांघरायला लावल्या. मला वाटलं, धूळ लागू नये म्हणून. भाऊरावांनी खरं कारण सांगितलं. पॅनेल बारापर्यंत थंड ठेवायचं. बाराला पाच मिनिटं कमी असताना चादरी काढायच्या. थंड पॅनेलावर बारा आरशांचं ऊन एकदम पडलं की आकडा उसळतो. चारपाच मिनिटं राहतो. समितीला तेवढी पुरतात.

"आणि सकाळपासून फ्रिज?"

"कालचं जे काही बॅटरीत उरलंय त्याच्यावर," भाऊराव म्हणाले. "उरलेलं नाहीच."

साहेबांनी आणखी एक शोभेची गोष्ट ठरवली होती. समितीसमोर, सौर फ्रिजातली लस, पंचवीस बालकांना. आया आल्या होत्या. व्हरांड्यात दाटीनं बसल्या होत्या, पदरांनी पोरांचे डोळे झाकून, कारण तेव्हाही चादरींच्या फटींतून समोरच्या भिंतीवर उजेडाच्या बारीक सुऱ्या पडत होत्या.

समिती तीन जणांची. अध्यक्ष गोल, प्रसन्न, काळा चष्मा लावलेले. छतावर सगळे चढले. बाराला पाच कमी असताना भाऊरावांनी चादरी ओढल्या.

तो प्रकाश मी नंतर कधी पाहिला नाही आणि बघायची इच्छाही नाही. गावातला आवाजच बंद झाला. खाली कुठेतरी कुत्रं रडायला लागलं आणि मध्येच थांबलं. ओल्या काचांवरून वाफ निघाली. दोनशे अडतीस वॅट. अध्यक्षांनी टाळी वाजवली. साहेबांच्या कपाळावर घाम होता, आणि त्या घामात प्रत्येक आरशाचा एकेक सूर्य.

"पुण्यात तर ऊन याहून चांगलं असेल," अध्यक्ष हिंदीत म्हणाले. साहेबांनी मान लववली.

मग समिती खाली फ्रिजाच्या खोलीत आली. कमलाबाई फ्रिजाशी उभ्या होत्या. अध्यक्षांनी कौतुकानं विचारलं, "हाँ सिस्टर, कितना आ रहा है?"

कमलाबाईंनी झाकण उघडलं, थर्मामीटर काढला आणि त्यांच्या हातात दिला. "चौदह, साहब."

"चौदह," अध्यक्ष मागे वळून सदस्याला म्हणाले, "नोट कीजिए. पिछले सेंटर पर सिर्फ़ पाँच था." आणि त्यांनी समोरची तापमानाची वही ओढली, त्या दिवसाच्या रकान्यात स्वतःच्या हातानं '14, उत्तम' असं लिहिलं, सही केली, तारीख घातली. खिशातून शिक्का काढून तोही मारला. दिवसभर त्यांनी वर जाणारे आकडेच पाहिले होते. त्यांच्या खात्यात मोठा आकडा चांगला असतो.

साहेबांनी डोळे मिटून घेतले.

"साहब," कमलाबाई म्हणाल्या, "दो से आठ चाहिए. चौदह में ये दवा मर जाती है. ये सब मरी हुई है."

अध्यक्षांनी त्यांच्याकडे, मग साहेबांकडे पाहिलं. चेहऱ्यावरची प्रसन्नता तशीच होती, फक्त तिला आता जागा मिळेना. मग त्यांना वाट सापडली. लसीचा विषय आरोग्य खात्याचा, ते म्हणाले. आमच्या कक्षेत फक्त वीज येते. वीज उत्तम आहे. आणि जेवणाची चौकशी केली.

कमलाबाईंनी वहीतलं ते पान फाडलं. सावकाश, शिवणीपाशी धरून, म्हणजे सही आणि शिक्का फाटू नये. बाहेर येऊन त्यांनी आयांना सांगितलं, आज सुई नाही, घरी जा, पोरांना बाहेर काढू नका. बायका चिडल्या. एक म्हणाली, मजुरी बुडवून आलोय, तमाशा पाहायला नाही. कमलाबाई म्हणाल्या, बरोबर आहे तुझं, आणि भाऊरावांना हाक मारली.

भाऊराव छतावर होते. त्यांनी एकेक आरसा खिळ्यांतून सोडवून जमिनीवर पालथा ठेवायला सुरुवात केली होती, समितीची जीप अजून दारात असताना. साहेबांनी खालून विचारलं, "भाऊराव, हे काय?" भाऊराव म्हणाले, "बारा वाजून गेले साहेब," आणि पुढचा आरसा उचलला. बाराही पालथे झाल्यावरच ते खाली आले.

एका स्कूटरवर ते दोघं, दुसरीवर मी, मांडीशी लसीचा रिकामा थर्मास डबा. मी का गेलो, हे मला नीट सांगता येणार नाही. कार्डांवर लिहायला कोणीतरी लागेल, असं काहीतरी मी स्वतःला सांगितलं असावं. दोन वर्षं 'उल्लेखनीय' आणि 'समाधानकारक' मीच लिहिलं होतं.

भांडारातल्या बाबूनं पान पाहिलं. चौदा. दिल्लीची सही, दिल्लीचा शिक्का. फ्रिज चौदावर होता याला याहून मोठा पुरावा त्याच्या जन्मात आला नसता. "पर 'उत्तम' क्यों लिखा है?" त्यानं विचारलं. कमलाबाई म्हणाल्या, ते त्यांना विचारा. त्यानं वरच्या सहीकडे पुन्हा पाहिलं, विचारायचा बेत रद्द केला आणि बर्फासकट बाटल्या मोजून दिल्या.

त्या संध्याकाळी अंधार पडेपर्यंत आम्ही सतरा पोरं गाठली. या वेळी बर्फात बुडालेली बाटली दिसत होती, आणि कमलाबाई प्रत्येक आईसमोर आधी जुन्या खुणेवर काट मारून खाली स्वतःची सही करत. मेलेली लस दिली, असं लिहून. मी म्हटलं, एवढं लिहू नका, हे तुमच्या नोकरीवर येईल. त्या म्हणाल्या, तुम्ही कार्ड धरा सरळ. दारं उघडली. ज्या बाईनं लावून घेतलं होतं तिनंही उघडलं. दुसऱ्या दिवशी आणखी तेरा. तीस.

एकतिसावं घर नाल्याच्या काठाला होतं. दारावर डहाळा नव्हता. कमलाबाईंनी पहिल्यांदाच श्वास सोडल्यासारखं मला वाटलं. रविवारी त्या आल्या तेव्हा इथे कुलूप होतं. आता बाई अंगणात गोवऱ्या थापत होती. तिनं आम्हाला पाहिलं, हात धुतले, आणि न विचारताच आतून कार्ड घेऊन आली. चांगलं जपून ठेवलेलं, प्लास्टिकच्या पिशवीत.

"हमरे लल्ला को तो लग गवा है, दीदी," ती हसून म्हणाली. "आपै तो लगाए रहीं."

कमलाबाईंनी विचारलं, मूल कुठाय?

आत निजलाय, ती म्हणाली. जावेच्या पोराजवळ. जाऊ पलीकडच्या पुरव्यातून आली आहे, तिच्या पोराला माता आलीय. त्याला एकट्याला झोप येत नव्हती, रडायचा. दारावर डहाळा बांधायला सासूनं सांगितलं होतं, पण घरात धाकटं पोर सुई घेतलेलं आहे, मग कशाला भ्यायचं? म्हणून दोघांना एकाच खाटेवर घालते. "टीका तो लग गवा है न."

बर्फाच्या डब्याचं झाकण कमलाबाईंच्या हातात होतं. मला माहीत नव्हतं, ते भाऊरावांनी हळूच सांगितलं: गोवराशी गाठ पडल्यावर तीन दिवसांत लस दिली तर ती अजून धावू शकते. तीन दिवसांत.

"उनको आए कितने दिन हुए?" कमलाबाईंनी विचारलं.

बाई बोटांवर मोजू लागली. करंगळी मिटली, अनामिका मिटली, मधलं बोट मिटलं. आणि ती थांबली नाही.